रापणीची फिल्म आणि शेवटचं रीळ

माहितीपट काढणाऱ्याच्या घरी फिल्मचे डबे साठत नाहीत, ते ऑफिसात जमा होतात. घरी साठतात ते किस्से! आता ही रापणीचीच फिल्म घ्या. पन्नास सालानंतरची गोष्ट, मालवणजवळच्या एका गावातली. रापण म्हणजे किनाऱ्यावरून गावाने मिळून ओढायचं भलंमोठं जाळं. मी दिग्दर्शक, दामले कॅमेरामन, आणि मुंबईच्या साहेबांनी दिलेली चार रिळं.

रापणीचा म्होरक्या भिवा तांडेल म्हणाला, "आधी देवाचो कौल." लावला. गुरवाने देवाला चिकटवलेली पाकळी उजवी पडली, म्हणजे होकार. मी खुशीत पुळणीवर, किनाऱ्याच्या वाळूत, उतरलो, तर भिवा आडवा!

"देवान मशिनीक परवानगी दिल्यान. तुमचा कोणी इचारूक नाय!"

दुसरा कौल लावायचा, तर गुरव कुडाळला पाहुणा गेलेला. तो परतून मलाही कौल मिळेपर्यंत दोन दिवस मी माडाखालून ओरडत दिग्दर्शन केलं. दामलेला मात्र मुभा होती, तो मशिनीबरोबरचा!

कॅमेरा सुरू झाला आणि चाळीस माणसं दोर धरून जागच्या जागी थिजली. श्वाससुद्धा बंद!

"अहो, ओढा!" मी कोकललो.

भिवा ओठ न हलवता पुटपुटला, "हल्लंव तर फोटो बिघडात."

एक रीळ त्यात गेलं. पुढची दोन रिकाम्या जाळ्यावर. शेवाळ आणि चार खेकडे, एवढीच कमाई!

तीन रिळं फुकट गेल्याचं मी मुंबईला कळवलं, तशी साहेबांची तार आली. पोस्टमनने ती वाटेतच सगळ्यांना वाचून दाखवली होती: 'मासळीशिवाय परत येऊ नका.' माझी नोकरी जाणार हे माझ्याआधी गावाला कळलं.

घाबरून मी बाजारातून टोपलीभर बांगडे आणले आणि गुपचूप जाळ्यात टाकायला निघालो. वाटेत भिवाच्या बायकोने एक उचलून त्याचा डोळा बघितला.

"कालचो आसा ह्यो! उद्या आख्खी मुंबय म्हणतली, भिवा तांडेल शिळी मासळी पकडता!"

टोपली परत.

शेवटचा दिवस, शेवटचं रीळ. आणि त्या दिवशी जाळं असं भरलं की दोर हातातून सुटायला लागला! माणसं पुळणीवर फरफटू लागली. भिवा दामलेवर ओरडला, "मेल्या, बघतंस काय? हात लाव!"

दामलेने कॅमेरा सुरू न करताच सोडला आणि दोर धरला. मीही धरला. तासाभराने पुळणीवर चांदीसारखी मासळी उसळत होती, पण सूर्य बुडून चित्रणापुरता उजेड संपला होता, आणि कॅमेऱ्यात रीळ कोरं!

मी डोकं धरून बसलो. भिवा वाटे घालत होता. दोर ओढला त्याला वाटा, होडीला वाटा, जाळ्याला वाटा. एक दामलेला, एक मला. मग त्याने माझ्यासमोर तिसरा ढीग ओतला.

"ह्यो मशिनीचो."

"तिने काय केलं?"

"काय नाय केल्यान. पण सायबाची ना ती? ह्यो वाटो सायबाक दी. तेका मासळी व्हयी होती ना?"