घोडा घरी

मोठ्या स्पर्धेत भिंतीवरही एक पट लागतो, हे हल्ली सांगावं लागतं. आता सगळीकडे पडदे आले. इकडे चाल झाली की तिकडे आपोआप दिसते. पण या गावातल्या बुद्धिबळ मंडळाने आपला जुना लाकडी पट सोडला नव्हता. दाराएवढा उंच पट, प्रत्येक घरात एक खिळा, आणि खिळ्याला अडकवायच्या चपट्या सोंगट्या. मंचावर खेळाडूने चाल खेळली की तीच भिंतीवर लावायची, म्हणजे शेवटच्या रांगेतल्या आजोबांनाही कळतं कोण कुणाचा गळा धरतंय. हे काम ताई करायची. वरच्या ओळींसाठी तिच्याकडे आकडा लावलेली काठी होती.

"भिंतीवरच्या माणसाला डोकं नसतं, फक्त हात असतात," असं मंडळाचे सेक्रेटरी म्हणायचे. ताईला ते लागत नसे, कारण ते खरंच होतं. खेळाडूच्या आधी भिंतीवरची सोंगटी हलली, तर ते परीक्षेच्या वर्गात उत्तर ओरडून सांगण्यासारखं. ताईच्या हातून असं कधी झालं नव्हतं, आणि याचा तिला थोडा तोराही होता.

एरवी ती चष्म्याच्या दुकानात, मागच्या खोलीत, काचा घासून फ्रेममध्ये बसवायची. तोंडाने फटकळ. "काच सैल वाटते" म्हणणाऱ्या गिऱ्हाइकाला "काच नाही हो, नाक घसरतंय तुमचं" असं तोंडावर सांगणारी. पण धाकट्या बहिणीचा विषय निघाला की हीच बाई एकदम गप्प व्हायची आणि फडक्याने एकच काच पुन्हा पुन्हा पुसत बसायची.

धाकटी म्हणजे ग्रँडमास्टर. वर्तमानपत्रात तिचं पूर्ण नाव यायचं. घरात ती टिचकी. लहानपणी हरली की आपल्या राजाला टिचकी मारून पाडायची आणि पलंगाखाली जाऊन बसायची, म्हणून टिचकी. तिला बुद्धिबळ शिकवलं ताईने, स्वयंपाकघरातल्या टेबलावर. मग एकदा राजधानीतून प्रशिक्षक आले, दोघींशी खेळले आणि धाकटीला घेऊन गेले. यात अन्याय वगैरे काही नव्हता. टिचकी खरोखरच चांगली होती, आणि हे सगळ्यांत आधी ताईलाच कळलं होतं. कळणं वेगळं आणि रिकामी खुर्ची बघणं वेगळं.

पुढे टिचकीने काय काय केलं ते सगळ्या जगाला ठाऊक झालं. शाळा संपायच्या आत ग्रँडमास्टर झाली. एका माजी जगज्जेत्याला काळ्या सोंगट्या घेऊन हरवलं. देशाच्या संघाला सोन्याचं पदक मिळवून दिलं. जगज्जेतेपदाच्या सामन्यापर्यंत पोचली आणि अगदी शेवटच्या डावात हरली. ते सगळे डाव ताईने भिंतीवर लावले होते. टिचकी कुठल्या कुठे परदेशात बसून खेळायची, चाली टेलिफोनवर यायच्या, आणि इथे ताई काठीने तिचा उंट उचलून पुढच्या खिळ्याला अडकवायची. त्या वेळी तिला वाटायचं, आपण दोघी मिळून खेळतोय. मनातले मांडे खायला कुणाची परवानगी लागत नाही.

समोरासमोर मात्र त्या पुन्हा खेळल्या नाहीत. पहिल्यांदा टिचकी सुट्टीला आली तेव्हा ताईने पट मांडून ठेवला होता. टिचकी दमलेली होती. "नको गं ताई, पट बघितला की डोकं दुखतं," म्हणाली आणि झोपली. ताईने पट आवरला तो आवरलाच. नंतर टिचकी यायची, दोन घास खायची, जायची. फोनवर तब्येत, हवा, दाढदुखी. ताईने परत कधी विचारलं नाही. मागून घेतलेल्या डावाला काय चव, असं ती स्वतःला समजावायची. आणि तरी दर वेळी बहीण यायच्या आदल्या दिवशी सोंगट्या पुसून ठेवायची.

आणि आता टिचकी खेळणं सोडणार होती. शेवटची स्पर्धा आपल्या गावात खेळेन, असं तिने जाहीर केलं. मंडळाची तारांबळ उडाली. ताईला वाटलं, आता तरी एक डाव. पण टिचकी उतरली हॉटेलात, भोवती सतत माणसं, सह्या, कॅमेरे. मंचावर ती बसायची ती भिंतीकडे पाठ अर्धी वळवून. रोज ताई तिच्या चाली लावायची आणि रोज वाट बघायची, की आज वर बघेल. टिचकीने मान वर केली नाही. शेवटचा दिवस उजाडला. संध्याकाळी तिची गाडी होती.

शेवटचा डाव जिंकला तर किताब तिचा. समोर तिच्या निम्म्या वयाचा, नुकताच गाजू लागलेला एक तरुण. मध्यावर टिचकीचा घोडा पटाच्या मधोमध उभा, चारी बाजूंनी दबाव. ती विचारात पडली. सभागृहात खोकलासुद्धा दबून यायला लागला. ताई काठी हातात धरून बहिणीकडे बघत होती.

तेवढ्यात टिचकीने कानाची पाळी ओढली.

ती खूण ताईला पाठ होती. लहानपणी डाव अंगावर यायला लागला की पोरगी कानाची पाळी ओढायची, मग घाबरून पुढे गेलेला घोडा मागे राजाशेजारी आणून ठेवायची आणि म्हणायची, "घोडा घरी!" घोडा मागे गेला की त्याच्या जोरावर उभा असलेला हत्ती उघडा पडायचा. ताई हत्ती मारायची. मग रडारड. "ताई, चाल परत दे ना!" ताई चाल परत द्यायची, पण फुकट नाही, बदल्यात त्या दिवशीची भांडी टिचकीने घासायची.

ताईने विचार केलाच नाही. हात वर गेला, काठीच्या आकड्याने घोडा उचलला आणि राजाशेजारच्या खिळ्याला अडकवला.

सभागृहात कुजबुज सुरू झाली. टिचकीने झटकन वर बघितलं. एवढ्या दिवसांत पहिल्यांदा. ताईच्या काठीचा आकडा अजून घोड्यातच अडकलेला होता. समोरच्या तरुणाने तक्रारीसाठी हात वर केला. पंचांनी घड्याळ थांबवलं. सेक्रेटरी धावत आले, "अहो बाई, काय केलंत हे!" म्हणत त्यांनी स्वतः घोडा जागेवर नेला आणि काठी काढून घेतली. ताई बाजूच्या दाराने बाहेर पडली. डाव बरोबरीत सुटल्याचं तिला टाळ्यांवरून कळलं. जिंकल्याच्या टाळ्या अशा विरळ नसतात.

दुपारी ती घरी स्वयंपाकघरात बसून होती. बहिणीचा शेवटचा किताब आपण घालवला, एवढंच डोक्यात घोळत होतं. दार वाजलं. टिचकी एकटीच होती.

"रागव," ताई म्हणाली. "मला बोल हवं तेवढं. तू घोडा मागे घेणार होतीस आणि मी चाल आधीच फोडली, म्हणून तुला तो घेता आला नाही."

टिचकी खुर्ची ओढून बसली. "ताई, मी घोडा मागे घेणार नव्हते. हत्ती गेला असता ना. ती चाल मी गेली कित्येक वर्षं खेळलेली नाही."

ताईला हे बोलणं किताबापेक्षा जास्त लागलं. म्हणजे भिंतीवर इतकी वर्षं जिच्या सोंगट्या हलवल्या ती कुणी दुसरीच होती. आपण मात्र पलंगाखाली बसणाऱ्या पोरीला धरून बसलो.

"मग डाव सुटला कसा गं?"

"वर बघितलं तर घोडा घरी," टिचकी म्हणाली. "मला वाटलं कुणीतरी जेवायला हाक मारली. त्यानंतर पट दिसेचना. डोळे भरले तर काय दिसणार? चष्मा लावूनसुद्धा नाही दिसलं."

"चष्मा कुठून घेतलास? बघू," ताई म्हणाली, कारण दुसरं काही बोलली असती तर रडली असती. तिने चष्मा घेतला, पदराने पुसला, परत दिला.

"पट कुठाय?" टिचकीने विचारलं.

"डोकं दुखेल तुझं."

"दुखू दे."

सोंगट्या पुसलेल्याच होत्या. दोघी खेळायला बसल्या. टिचकी भराभर खेळत होती, ताई बिचकत. थोड्या वेळाने टिचकीने कानाची पाळी ओढली, पुढे गेलेला घोडा उचलला आणि राजाशेजारी ठेवला. हत्ती उघडा पडला होता.

ताई पटाकडे बघत राहिली. मग तिने हत्ती मारला.

"चाल परत दे ना, ताई," ग्रँडमास्टर म्हणाली.

"भांडी घासलेली आहेत सगळी," ताई म्हणाली. "उद्याचा दिवस राहा, मग देते."

"गाडी आहे गं संध्याकाळची. तिकडे सगळे थांबलेत."

"मग नाही मिळणार."

टिचकीने मान डोलावली. तिने राजाला टिचकी मारली नाही. गेलेला हत्ती बाजूला ठेवला, दोन्ही हात कपाळाला लावले आणि जगज्जेतेपदाचा डाव असावा तशी एकेका चालीला विचार करायला लागली. बाहेर तिला स्टेशनवर न्यायला मोटार येऊन उभी राहिली, ड्रायव्हरने हॉर्न वाजवला, तरी तिने मान वर केली नाही.

ताईला मात दिसत होती. वजीर एक घर सरकवला की संपलं. तिने वजिराला हात लावला नाही. कडेचं एक प्यादं उचललं, एक घर पुढे ठेवलं आणि म्हणाली, "खेळ. मला घाई नाही."