विचाराधीन

कोर्टाच्या बाकावर माझ्या शेजारी शांताबाई हातातला कागद पुन्हा पुन्हा वाचत होत्या. त्या आमच्या कार्यालयातल्या निवृत्त शिपाई. पेन्शनचा निकाल आमच्या बाजूने लागूनही सरकार हलेना, म्हणून आम्ही अवमानाची याचिका केली. त्यावरचं सरकारचं हे उत्तर.

“साहेब, ‘बाब विचाराधीन आहे’ म्हणजे मिळणार ना?”

नोकरीत हे वाक्य मीच लिहायचो, फाइल कपाटात टाकण्यापूर्वी. त्या फायलींमधली म्हातारी माणसं हेलपाटे घालायची आणि मग एक दिवस त्यांचं येणं थांबायचं. का थांबलं, हे मी कधी विचारलं नाही.

शांताबाई माझ्याकडे बघत होत्या.

“मिळणार, मिळणार,” मी म्हणालो. तेव्हाही मी असंच म्हणायचो.