आईची साडी नेसले तेव्हा

डांबरगोळ्यांचा वास आला की साकीनाक्याचा तो भाड्याचा गाळा आठवतो. आई गेल्यावर बाबांचं विसरणं फार वाढलं होतं. त्यांना काहीतरी आठवेल या एकाच आशेने मी तिथे एकपात्री प्रयोग ठेवला: आईच्या साड्या टांगल्या, एक स्वतः नेसले आणि जमलेल्या लोकांसमोर तिच्यासारखी बोलू लागले. प्रेक्षकांत बसलेल्या बाबांनी पुढे येऊन माझा हात धरला. "अगं, पोरगी अजून आली नाही. फोन लाव ना तिला." "बाबा, मीच आहे," मी पुन्हा पुन्हा सांगितलं. ते आणखीच घाबरले. शेवटी मी आईच्या आवाजात म्हणाले, "येईल हो ती. तुम्ही बसा बघू." ते शांत बसले. लोकांना तो प्रयोगाचाच भाग वाटला, टाळ्या वाजल्या. आता बाबाही नाहीत. शेवटपर्यंत ते पोरीची वाट बघत राहिले, आणि मी त्यांच्या शेजारीच बसलेली असायचे.