क्विलन फोर्कची एकमेव डेमोक्रॅट

डेल्फा साइझमोर डेमोक्रॅट झाली ती बंद पडलेल्या शाळेच्या एका खोलीसाठी. तत्त्वबित्त काही नव्हतं त्यात.

केंटकीच्या डोंगरातल्या आमच्या जिल्ह्यात माणूस जन्मतःच रिपब्लिकन असतो; बाप्तिस्मा नंतर होतो. क्विलन फोर्क तर त्यातलं कट्टर गाव. गावाचं मतदान शाळेच्या जुन्या खोलीत व्हायचं. पण कायदा असा, की मतदानाच्या टेबलावर दोन्ही पक्षांची माणसं बसायला हवीत, नाहीतर केंद्र उघडत नाही. म्हातारा फॅरिस हा गावातला शेवटचा डेमोक्रॅट. तो वारला आणि पंचाईत झाली. दुसरं केंद्र डोंगरापलीकडे, चौदा मैलांवर. चर्चमध्ये सभा भरली. कुणीतरी कागदावर पक्ष बदलून फॅरिसच्या खुर्चीत बसावं, एवढाच प्रश्न होता. खोकायचीही कुणाची छाती होईना. शेवटी डेल्फाने हात वर केला. तेव्हा ती पस्तिशीची होती.

तिचा नवरा हॉबर्ट सभेतून तडक बाहेर पडला. घरी आल्यावर म्हणाला, "साइझमोरांच्या छपराखाली आजवर डेमोक्रॅट झोपला नाही."

"मग मी गोठ्यात झोपू?"

तोच झोपला गोठ्यात. आठ दिवस. थंडी वाढली तसा मुकाट्याने आत आला. पण अढी गेली नाही. त्यानंतरच्या प्रत्येक निवडणुकीत तो शाळेत यायचा, सही करायचा आणि मतपत्रिका शेजारच्या माणसाकडून घ्यायचा. बायकोच्या हातून त्याने ती कधीच घेतली नाही. लोकांना मजा वाटे. डेल्फाही हसायची. पण ते तिला लागायचं.

मे महिन्यात पक्ष आपापले उमेदवार निवडतात. मतदार यादीत ज्याच्या नावापुढे जो पक्ष, त्याला त्याच पक्षाची मतपत्रिका. नोव्हेंबरात वाटेल त्याला मत द्या, पण आमच्याकडे मे महिन्यात रिपब्लिकनांत जो जिंकला तोच पदावर बसायचा, मग ते शेरीफचं असो की जेलरचं. नोव्हेंबर नुसता उपचार. म्हणजे ज्या निवडणुकीत गावाचं बरंवाईट ठरायचं, तिच्यात डेल्फा पहाटेपासून लोकांना मतपत्रिका वाटायची आणि तिचं स्वतःचं मत तिथे नसायचं. अशी एकतीस वर्षं गेली. तिने हे कधी बोलून दाखवलं नाही, आणि कुणी विचारलंही नाही. आपल्यासाठी जो झिजतो त्याला विचारायची पद्धत आमच्या गावात नाही.

मग डेनवर उभा राहिला.

डेनवर तिच्या बहिणीचा मुलगा. बहीण अकाली गेली, तेव्हा चार वर्षांच्या पोराला डेल्फाने आणलं आणि वाढवलं. पंधरा वर्षं तो जिल्ह्याच्या तुरुंगात नोकरीला होता. आता त्याला निवडून येऊन जेलर, म्हणजे त्याच तुरुंगाचा प्रमुख, व्हायचं होतं. नोव्हेंबरअखेर थँक्सगिव्हिंगच्या सणाला जेवायला आला, तेव्हा ताटातल्या टर्कीला त्याने हातही लावला नाही.

"मावशी, मी दारोदार मतं मागत फिरतोय. लोक तोंडावर विचारतात, घरच्या बाईचं तरी मत आहे का तुला?"

"तू काय सांगतोस?"

"काय सांगू? एकतीस डिसेंबरच्या आत यादीतला पक्ष बदललास तरच मे महिन्यात मला मत देता येईल. एकदाच बदल. माझ्यासाठी."

डेल्फाने त्याच्या ताटात वाळवलेल्या सफरचंदांच्या केकचा मोठा तुकडा वाढला. तिलाही तेच हवं होतं. ज्याचं नाक पुसलं, ज्याच्या तापात रात्री जागवल्या, त्याच्या नावापुढे एकदा खूण करायची होती. फक्त खुर्ची रिकामी सोडायची नव्हती.

डिसेंबरभर ती बदली माणूस शोधत फिरली. दुकानदार आर्लिस म्हणाला, "मी डेमोक्रॅट झालो तर माझा बाप थडग्यातून उठून दुकानात येईल. आणि उधारीवर तंबाखू मागेल." तिची नणंद म्हणाली, "तुला सवय आहे, वहिनी. आम्हाला नाही जमायचं." उरली अठ्ठ्याऐंशी वर्षांची झेला आजी. ती काठी टेकत चालत मतदानाला यायची, गाडी तिच्याकडे नव्हतीच.

"अगं, मी बसले असते, पण मला अक्षरं कुठे दिसतात?" झेला म्हणाली. "तू खुशाल बदल. माझं एक मत गेलं तर काय आभाळ कोसळणार आहे?"

तिने हे मनापासून म्हटलं, म्हणून तर डेल्फाचा पाय आणखी अडला.

शेवटच्या दिवशी हॉबर्टने तिला ट्रकमधून जिल्ह्याच्या कचेरीत नेलं. महिनाभर हा विषय निघाला की तो उठून लाकडं फोडायला जायचा. "मी इथेच थांबतो," म्हणाला आणि टोपी डोळ्यांवर ओढली.

आत लर्लीन होती. मतदारांच्या याद्या तिच्याच ताब्यात. डेल्फाने अर्ज भरला, सही केली आणि काउंटरवर ठेवला. पण त्यावरचा हात काढेना.

"डेल्फाताई, तुम्ही गेलात तर क्विलन फोर्कचं केंद्र मला बंद करावं लागेल," लर्लीन हळूच म्हणाली. "माझ्या हातात काही नाही."

"माहीत आहे गं."

 मग तिने अर्ज मागे ओढून घडी घातली. "राहू दे. पोराला सांगेन काहीतरी." तिचे डोळे भरून आले, आणि त्याचा तिला रागही आला.

तेवढ्यात दार वाजलं. हॉबर्ट टोपी हातात धरून आत आला.

"एक अर्ज दे, लर्लीन."

"पत्ता बदलायचाय, हॉबर्टदादा?"

"पत्ता तोच. पणजोबापासूनचा." त्याने अर्ज डेल्फापुढे सरकवला. "चष्मा विसरलो. तू भर, मी सही करतो."

"काय भरू?"

"तुझ्या नावापुढे आहे ते माझ्यापुढे लाव. आणि तुझी घडी उलगड."

लर्लीनचं पेन खाली पडलं. डेल्फाने चौकोनात खूण केली. घाईत ती रेषेबाहेर गेली.

परतताना अर्धा डोंगर चढून झाल्यावर ती म्हणाली, "अरे, पण डेनवरला मिळणार एकच मत. तुझं गेलं, माझं आलं."

"त्याचं मी मोजलंच नाही," हॉबर्ट म्हणाला. "इतकी वर्षं माझं मत मी देतोय. गाडी घसरतेय, गप्प बस जरा."

डेनवरला हे कळलं तेव्हा तो डोकं धरून बसला. "काका, मग माझा फायदा काय झाला?"

"तुझा काही नाही," काका म्हणाला.

मे महिन्यात हॉबर्ट फॅरिसच्या खुर्चीत बसला. अंगात इस्त्रीचा शर्ट. सकाळी सहाला दार उघडलं आणि डेल्फा पहिली आत आली.

"नाव?" हॉबर्टने मोठ्याने विचारलं.

"अरे मेल्या," मागून झेला ओरडली, "पंचेचाळीस वर्षं नांदतोयस हिच्याशी, नाव विसरलास?"

"नियम आहे, झेला आजी."

"डेल्फा साइझमोर," डेल्फा म्हणाली. तिने वहीत सही केली. हॉबर्टने रिपब्लिकन मतपत्रिका दोन्ही हातांनी तिच्यापुढे धरली, आणि तिने ती त्याच्या हातून घेतली. भली लांब मतपत्रिका. शेरीफ, जेलर, न्यायाधीश, नावांची रांग. डेनवर गॅबार्ड हे नाव तिने दोनदा वाचलं आणि पुढचा गोल असा गच्च काळा केला की कागद मागून फुगला. डेनवर पुढे हरला, चांगला सपाटून हरला. तो काळा गोल मात्र झाला.

दुपारी डेल्फा घेवड्याची आमटी आणि मक्याचा ब्रेड घेऊन शाळेत परत आली. गर्दी ओसरली होती. हॉबर्टने तेव्हा कुठे स्वतःची डेमोक्रॅट मतपत्रिका काढून घेतली. आडोशाला गेला आणि लगेच बाहेर आला. मतपत्रिका त्याने उलटी केली, पुन्हा सुलटी केली. तिच्यावर एकच पद होतं, कुठल्यातरी दूरच्या जागेचं, आणि दोन अनोळखी नावं.

"बाकीचं कुठेय?" त्याने विचारलं.

"एवढंच असतं."

"दर वेळी?"

"कधीकधी तेवढंही नसतं."

हॉबर्टने तो कागद टेबलावर ठेवून तळव्याने सपाट केला. तिच्याकडे बघायचं त्याला धैर्य होईना.

"एकतीस वर्षं, डेल्फा?"

डेल्फाने आमटीच्या भांड्यावरचं झाकण काढलं.

"जेवून घे," ती म्हणाली. "सहापर्यंत बसायचंय तुला."