तिला हात दिसू द्या

लेकीशी बोलायच्या आधी माझी शेजारीण हातातल्या बांगड्या वर सारायची. दारात कोणी उभं असलं की म्हणायची, "जरा सरका, तिला हात दिसू द्या." पाहुणा असो की सासू, उजेड अडवलेला तिला चालत नसे.

पिंपरी पेंढारला आमचं दोघींचं अंगण एकच. लेकीच्या शाळेपायी ती आता पुण्याला गेली, पण तुम्ही तिला तेव्हा बघायला हवं होतं.

लेक वर्षाची होत आली तेव्हा एकदा हिच्या हातून परात पडली. मी दचकले, पोर हललीसुद्धा नाही. डॉक्टर म्हणाले, पोरीला ऐकू येत नाही. ही खूप रडली. मग आळेफाट्याला एक जन्मापासून बहिरा शिंपी होता, त्याच्याकडं जाऊन हातांची बोली शिकू लागली. 'दूध' म्हणजे धार काढल्यासारखी मुठीची उघडझाप. दुधाच्या प्रत्येक वाटीआधी ती मूठ दाखवायची. पोर नुसती बघायची. असे महिने गेले.

"अशानं पोर मुकीच राहायची," सासू म्हणायची. "भिताडाशी बोलतीया नुसती."

"भिताड बघत न्हाई, आत्याबाई. ही बघती."

मला मात्र एकदा हळूच म्हणाली, "वैनी, ही माझ्याशी कवा बोलंल का वो?"

मी अबोल. तिच्याजवळ बसायला बरं वाटे, तिथं तोंड उघडावं लागत नसे.

एका संध्याकाळी ती गवताला गेली होती. पोर माझ्या मांडीवर होती. सासूनं वाटीनं दूध पाजलं. रिकाम्या वाटीकडं पोरीनं बघितलं, सासूकडं बघितलं, अन् इवलीशी मूठ उघडझाप केली. सासू थबकली. पुन्हा वाटी भरली. ती संपली तशी पुन्हा मूठ.

सासू उठली ती थेट बांधावर. लांबून सून डोक्यावर भारा घेऊन येत होती. सासूनं हात उंच करून मूठ उघडझाप केली. मग दोन्ही हातांनी. सूनबाईनं भारा वाटेतच टाकला अन् पळत सुटली. ती पुढ्यात येऊन उभी राहिली तरी सासूच्या मुठी थांबेनात, अन् तोंडातून शब्द फुटेना.

"आत्याबाई," धापा टाकत ती म्हणाली, "तोंडानं सांगा की. मला येतं ऐकू."