अक्कांनी आखलेली रेघ

मृदा सर्वेक्षणाच्या नोकरीतलं माझं पहिलं मोठं काम वळसंगच्या पुढच्या एका गावात निघालं. गावातल्या प्रत्येक शेताची माती कसली, किती खोल, तिच्यात ओल किती टिकते हे बघायचं आणि त्याचा नकाशा करायचा. मी सव्वीस वर्षांची होते आणि आपल्याला सगळं येतं याची मला पक्की खात्री होती. उपग्रहाच्या चित्रावरून अर्धाअधिक नकाशा मी ऑफिसात बसूनच रंगवला होता. खोल काळी जमीन गडद, मुरमाड जमीन फिकी. शेतात जायचं ते फक्त आपलं बरोबर आहे हे बघायला, असं मी धरून चालले होते.

एप्रिलमधल्या एका सकाळी आमची जीप एका शेताच्या बांधाला लागली. ज्वारी काढून झाली होती, धसकटं तेवढी उभी होती. जमिनीला पंजा आत जाईल एवढ्या भेगा. शेतात पन्नाशीच्या एक बाई धसकटं वेचत होत्या. त्यांचे यजमान सोलापुरात कारखान्यात कामाला, रविवारी येणार. त्यामुळे शेत याच बघायच्या. गाव त्यांना अक्का म्हणायचं. दहा मिनिटांत मीही अक्काच म्हणायला लागले.

मी जीपच्या बॉनेटवर नकाशा पसरला. "अक्का, हे अख्खं शेत भारी काळ्या जमिनीचं आहे. नशीबवान आहात."

"अख्खं?" अक्का वाकून बघत म्हणाल्या. "निम्मं म्हणा की. वरल्या अंगाला वीत-दीडवीत काळी, खाली निस्ता मुरूम हाय."

"पण चित्रात वरची बाजूही काळीच दिसतेय."

"दिसती व्हय. माजं केसबी लांबनं काळंच दिसत्यात."

आमच्या जीपचे चालक, ज्यांना सगळं ऑफिस चाचा म्हणायचं, ते एवढ्या जोरात हसले की मला रागच आला. मी म्हटलं, ठीक आहे, खड्डाच घेऊ. वरच्या अंगाला जागा धरली आणि चाचा नि मी आळीपाळीनं टिकाव चालवायला लागलो. अक्का बांधावर बसून बघत होत्या. वरची माती काळी, चिवट, टिकावाला चिकटणारी. मी मनातल्या मनात जिंकत चालले होते.

फूटभरावर टिकाव खणकन वाजला. खाली पिवळसर, कुजका मुरूम.

माझे कान तापले. अक्का काही बोलतील म्हणून मी मान खालीच ठेवली. पण त्या खड्ड्याजवळ आल्या आणि पाण्याचा तांब्या पुढे केला. "प्या आदी. मग कुटवर काळी हाय ते दावते."

"तुम्हाला कसं माहीत?"

"पौषात ज्वारी बगायची. खालच्या अंगाची हिरवीगार असती. वरची पोटरीत आली की, कणीस भाईर पडायच्या आदीच, मान टाकती. कवाधरनं बगतेय, त्या रेगंवर एक ताट हिकडचं तिकडं होत न्हाय."

त्या घरी गेल्या आणि चुलीतली राख घमेल्यात भरून घेऊन आल्या. मग अनवाणी पायांनी शेताच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत राख सोडत चालत गेल्या. मध्येच थांबायच्या, वरच्या अंगाकडं बघायच्या, पुन्हा चालायच्या. रेघ सरळ नव्हती. मध्ये पोट सुटल्यासारखी फुगली होती.

मी गिरमिट काढलं. हा जमिनीत फिरवत घालायचा लोखंडी दांडा असतो. जेवढा खोल जाईल तिथली माती टोकाला अडकून वर येते. राखेच्या रेघेच्या वर एकदा आणि खाली एकदा, असं मी करत गेले. वर घातलं की हातभर जायच्या आधी अडायचं. खाली घातलं की तीन-साडेतीन फूट सहज जायचं. पाच जागा झाल्या, सहा झाल्या. राग कधी गेला ते कळलंच नाही. उलट प्रत्येक वेळी "आता काय होतंय" म्हणून मी दांड्याच्या टोकाकडं बघत राहायचे. चाचा आकडे वहीत लिहीत होते आणि दर वेळी म्हणत होते, "फिर सही निकला, मॅडम!"

सातव्या जागी मात्र अक्का चुकल्या. बांधाजवळच्या बाभळीपाशी, रेघेच्या वर, जिथं त्यांच्या मते मुरूम असायला हवा होता, तिथं गिरमिट जातच राहिलं.

"थांबू नगा, थांबू नगा. आजून घाला की!" अक्का धावत आल्या. चार फुटांवरून आलेली माती त्यांनी मुठीत दाबली. एप्रिल महिना, आणि मातीचा गोळा ओला, थंडगार. "यव्वा! माजी सासू सांगायची, हितनं ओघळ जात हुता. सासऱ्यानं बांध घालून मोडला. समदा गाळ हितंच बसलाय बगा!" आपण चुकलो याचा त्यांना इतका आनंद झाला होता की त्यांनी तो गोळा माझ्या हातात कोंबला. "धरा, धरा. केवडा गार हाय!"

तोवर शेजारच्या शेतांतल्या चार-पाच बायका जमल्या होत्या. मी खड्ड्यातल्या मुरमावर आम्लाचे दोन थेंब टाकले. चुनखडी असली की फेस येतो. फस्सकन फेस आला तशी एक जण ओरडली, "आगं, सोडा हाय की ह्यात!" मग प्रत्येकीला आपल्या शेतातलं ढेकूळ तपासून हवं होतं. माझी आम्लाची बाटली त्या दुपारी संपली.

ऑफिसातल्या साहेबांना हे सांगायची मला धास्ती होती. चार दिवसांनी त्यांनी नवा नकाशा समोर धरून विचारलं, "ही फुगलेली रेघ कशाच्या आधारावर?"

"राखेच्या," मी म्हटलं, आणि सगळं सांगून टाकलं.

ते पुढच्याच आठवड्यात गिरमिट घेऊन स्वतः आले. तीन ठिकाणी तपासलं, हात झटकले आणि म्हणाले, "बाकीचं गावही असंच करा. आधी माणसांबरोबर फिरा, मग रंगवा." दोन महिने मी त्या गावात फिरले. इतकं चाललेलं आणि इतकं हसलेलं त्याआधी मला आठवत नाही.

अक्कांनी त्याच वर्षी वरच्या मुरमाड पट्ट्यात सीताफळं लावली आणि खालची काळी ज्वारीला ठेवली. ओघळाच्या गाळात दोन आंबे लावले, ते बाकी झाडांच्या पुढे पळाले. सीताफळाचा पहिला बहर आला तेव्हा त्यांनी एसटीच्या कंडक्टरबरोबर माझ्यासाठी पाटीभर फळं पाठवली. वर चिठ्ठी होती, सुनेच्या अक्षरात: "मुरमाची हायती. गोड लागतील."

अजूनही त्या बाजूला काम निघालं की मी जाते. मागच्या थंडीत गेले तर अक्का घरी नव्हत्या. सून म्हणाली, "आत्या शेजारच्या रानात हायती. तितं आंबं लावायला जागा बगायची हाय म्हणं."

जाऊन बघते तर तीन बायका कमरेएवढ्या खड्ड्यात उभ्या. खड्डा त्यांनीच खणलेला. एक म्हणत होती ही तांबूस माती, दुसरी म्हणत होती करडी, आणि अक्का म्हणत होत्या की दोघींनाही डोळे न्हाईत. मला बघून अक्का ओरडल्या, "आल्या का म्याडम! या खाली, तुमीच सांगा आता."

मी चपला काढून खड्ड्यात उतरले. ढेकूळ हातात घेतलं, पाण्यानं भिजवलं, उन्हात धरलं आणि तपकिरी म्हणून निकाल दिला.

"न्हाय," तिघी एकदम म्हणाल्या, आणि त्यांचं भांडण पुन्हा पहिल्यापासून सुरू झालं.