कागदावर सारखेच

आज माझा वाढदिवस नाही. कुणीही विश करू नका, हात जोडतो.

आज एक जून. आमच्या पिढीच्या अर्ध्या मराठवाड्याचा वाढदिवस. मायबापाला तारीख सांगता आली नाही की गुरुजी रजिस्टरात एक जून लिहून मोकळे.

सकाळपासून फेसबुक सांगतंय, दिगंबरला शुभेच्छा द्या.

कुणाला देऊ? दिगू जाऊन आज बारा दिवस झाले. अंगणात चहा पिता पिता गेला. दहाव्याला नदीत पाणी नव्हतं, टँकरच्या पाण्यावर उरकलं.

आम्ही एका गल्लीतले. एकाच दिवशी शाळेत नाव घातलं, म्हणून जन्मतारीख एकच लागली. सालासकट. पुढं एकाच हायस्कुलात एकाच दिवशी मास्तर म्हणून जॉइन झालो.

मुख्याध्यापकाची जागा रिकामी झाली तेव्हा घोळ झाला. रूल असा, की जॉइनिंग एका दिवशीचं असेल तर वयानं मोठा तो सीनियर.

आमचं तर वयही सारखं. कागदावर.

ठरवणार संस्थेचे अध्यक्ष. गावची सोसायटीही त्यांच्याच हातात. आणि दिगूचा भाऊ सोसायटीच्या निवडणुकीत त्यांच्या पॅनेलविरुद्ध उभा राहिलेला.

संपलं. खुर्ची मला मिळाली. दिगू केस घेऊन औरंगाबादला ट्रिब्युनलमध्ये गेला.

आमच्या वडवणीहून पहाटेची एसटी एकच. त्यामुळं तारखेला दोघं एकाच सीटवर. भाकरी माझी, ठेचा त्याचा. माझ्या वकिलाला ते बघवायचं नाही.

माझी माय तेव्हा होती. म्हणायची, "कावून भांडता रे? बहात्तरच्या दुष्काळात आमी खडी फोडाया जायचो, तवा दिगू तिथं रांगत व्हता आन् तू माझ्या पोटात व्हतास. लहानपणापासून सांगते, त्याला दादा म्हण. येऊ का कोर्टात? अंगठा देते."

मी म्हणालो, "माय, तू गप बस."

ट्रिब्युनलमध्ये साहेबांनी सरळ विचारलं, "तुमच्यात मोठं कोण?"

"कागदावर सारखेच, साहेब."

बाहेर आल्यावर दिगू हसला. "खोटं न्हाई बोललास बे. कागदावर सारखेच हावोत." आणि ठेच्याचा डबा पुढं केला. त्या दिवशी मी भाकरीचं फडकं सोडलंच नाही.

तो हरला. अपील टाकलं, ते पडून आहे. माय गेली. सांगणारं कुणी उरलं नाही, माझ्याशिवाय. आणि मी गप्पच. लाज वाटते लिहिताना.

मी खुर्चीत बसल्यापासून त्यानं मला बाळ्या म्हणणं सोडलं. रोज मस्टरवर सही करायला केबिनच्या दाराशी. "येऊ का सर?"

"काय चेष्टा लावली बे दिग्या?"

"चेष्टा न्हाई. खुर्चीला म्हणतो."

दहा वर्षं. रोज.

परवा दहावं झाल्यावर मी वहिनींजवळ बसलो आणि माय काय सांगायची ते एकदाचं बोलून टाकलं.

वहिनी म्हणाल्या, "त्यास्नी ठाऊक व्हतं, भावजी. वकील मागं लागला व्हता, तुमच्या मायची साक्ष काढा म्हणून. हे न्हाई म्हनले. म्हनले, केस गेली तरी चालंल, म्हातारीला लेकाच्या इरोधात उभं करायचं न्हाई."

मी तसाच उठलो आणि घरी आलो.

उद्या त्याच्या वकिलाकडं जाऊन लिहून देणार आहे. अध्यक्षांना काय करायचं ते करू द्या. लई थकलोय मी ह्या गप्प बसण्याला. त्याआधी इथं सगळ्यांसमोर लिहितो. दिगू माझ्यापेक्षा मोठा होता. वयानं तर होताच.

तू मला दहा वर्षं सर म्हणालास. माझ्याकडून एक शब्द आयुष्यभर राहून गेला.

येतो दादा. पाया पडतो.

तुझा धाकटा,
बाळ्या